नारायणाचा बालगंधर्व

आपल्याकडे पऱ्हाटीची वेचणी आटोपली, हातात चार पैसे आले, की गावोगाव करमणुकीचे वेध लागतात. कुठे दंडार, कुठे खडी गंमत. त्यात लुगडे नेसून, पदर सावरीत एखादा पुरुष उभा राहतो आणि आपणही त्याला बिनतक्रार बाई मानतो. तो ठसक्यात बोलला तर हसतो, रडला तर आपल्याही डोळ्यांत पाणी येते. मग अख्ख्या महाराष्ट्राने जवळजवळ तीस वर्षे एका पुरुषाला रुक्मिणी, भामिनी आणि सिंधू मानले, याचे तुम्हांला तरी नवल वाटायला नको. त्या पुरुषाचे नाव नारायण श्रीपाद राजहंस. लोक त्यांना बालगंधर्व म्हणत.

परदेशात, विशेषतः अमेरिकेत, गाणारे नट आणि गाण्यांची नाटके यांचे मोठे कौतुक आहे. न्यूयॉर्क शहरात ब्रॉडवे नावाच्या रस्त्याला लागून नाट्यगृहांची रांगच आहे. तिथे १९२७ साली ‘शो बोट’ हे नाटक आले आणि गाणी व कथानक यांची सांगड त्याने घातली, असे तिकडचे जाणकार सांगतात. असेल. पण आपल्याकडे अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘संगीत शाकुंतल’ पुण्यात रंगभूमीवर आणले ते १८८० साली. त्याच किर्लोस्कर मंडळीत पुढे आपला हा नारायण दाखल झाला.

जन्म २६ जून १८८८ चा. घराणे कृष्णाकाठच्या नागठाण्याचे. लहानपणीच गळा असा, की लोकमान्य टिळकांनी गाणे ऐकून ‘बालगंधर्व’ म्हटले आणि ते नाव कायमचे चिकटले. पुढे कानाचे दुखणे जडले. कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी मिरजेला उपचारांची सोय करून दिली. गाणाऱ्याचा कान म्हणजे शेतकऱ्याचा बैल. तो गेला की सगळेच बसले! कान सुधारला आणि १९०५ साली मिरजेसच मुलगा किर्लोस्कर मंडळीत आला. पहिली भूमिका शकुंतलेची. स्त्रीभूमिका गाजवणारे भाऊराव कोल्हटकर १९०१ साली गेले होते आणि कंपनी त्यांची जागा भरून काढणारा गळा शोधीत होती.

आता एक प्रसंग सांगतो. शाळेत गुरुजींनी तो मुलांना सांगावा, की सांगू नये, हे त्यांचे त्यांनी ठरवावे. १२ मार्च १९११ रोजी खाडिलकरांच्या ‘मानापमान’चा मुंबईस पहिला प्रयोग होता. त्याच दिवशी बालगंधर्वांची लहानगी मुलगी वारली. तिकिटे विकली गेलेली, नाटक नवे, कंपनीचे पोट त्यावर. प्रयोग रद्द करावा, असे मंडळींच्या मनात होते. नारायणराव नको म्हणाले. त्या रात्री त्यांनी श्रीमंताची लाडकी लेक, हसरी, मानी भामिनी रंगवली. याला कोणी निष्ठा म्हणतो, कोणी कठोरपणा म्हणतो. मला विचाराल तर घरात दुःख असतानाही धाराला बसणाऱ्या, गुरांना चारा घालणाऱ्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. पण त्या रात्री घरी बसलेल्या आईचे काय, हा प्रश्न माझ्या मनातून जात नाही, हेही खरे.

१९१३ साली गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांच्यासह त्यांनी स्वतःची गंधर्व नाटक मंडळी काढली. १९१६ साली ‘स्वयंवर’ आले. भास्करबुवा बखल्यांनी त्याच्या चाली बांधल्या आणि यमन, भीमपलास असे राग, जे तोवर दरबारात आणि बैठकीत गायचे, ते पिटातल्या चार आण्यांच्या माणसाच्या ओठांवर आले. हे काम फार मोठे झाले. आज खेड्यातल्या भजनी मंडळातही एखादा बुवा नाट्यगीताच्या वळणाने तान घेतो, त्याचे मूळ इथे आहे.

आणि ऐका बरे का, त्यांनी बाईचा म्हणून खोटा, चिरका आवाज कधी काढला नाही. गळा आपलाच, मूळचा. बाईपण होते ते बोलण्याच्या लाघवात, मान वळवण्यात, पदराला हात लावण्यात. जपानच्या काबुकी नाटकातही पुरुषच बायका होतात, तिथे त्याचे पिढ्यान्‌पिढ्यांचे शास्त्र आहे. इथे मात्र घरंदाज बायका नाटकाला येत आणि नारायणरावांचे लुगडे कसे, अंबाडा कसा, दागिना कोणता, हे पाहून घरी तसेच करीत. पुरुषाने बायकांना नेसणे शिकवावे, असा हा उलटा प्रकार!

तुम्हां-आम्हां वैदर्भीयांना जवळचे नाटक मात्र ‘एकच प्याला’. राम गणेश गडकरी दुखण्याने खंगले होते, ते नागपूरपलीकडे सावनेरला भावाकडे आले आणि २३ जानेवारी १९१९ रोजी तिथेच त्यांनी प्राण सोडला. नाटक रंगभूमीवर आलेले त्यांना पाहता आले नाही. महिन्याभराच्या आत, फेब्रुवारीत, गंधर्व मंडळीने ते बडोद्यास रंगभूमीवर आणले. एरवी भरजरी शालूत दिसणारे बालगंधर्व सिंधू म्हणून फाटक्या लुगड्यात जात्यावर बसले. दारूने नवरा गेला, अब्रू गेली, आणि ही बाई दळते आहे. बोडसांचा सुधाकर समोर झिंगलेला. आपला वर्धा महात्माजींच्या वास्तव्यामुळे दारूबंदीचा जिल्हा आहे. बंदी कागदावर किती आणि नाल्याकाठच्या भट्टीवर किती, हे तुम्ही माझ्याहून जास्त जाणता. शाळेच्या संमेलनात त्या नाटकातला एखादा प्रवेश करून पाहा. समोर बसलेल्या आयाबाया कशा स्तब्ध होतात ते दिसेल. मात्र सिंधूचे काम आता मुलीलाच द्या.

दोन वर्षांनी, ८ जुलै १९२१ रोजी, मुंबईत एक अपूर्व प्रयोग झाला. केशवराव भोसले यांची ललितकलादर्श आणि गंधर्व मंडळी, म्हणजे एकमेकींच्या स्पर्धक कंपन्या, टिळक स्वराज्य फंडासाठी एकत्र आल्या. ‘मानापमान’मध्ये केशवराव धैर्यधर, बालगंधर्व भामिनी. नागपूरच्या १९२० च्या काँग्रेसचे स्वागताध्यक्ष आपले जमनालालजी बजाज. त्याच अधिवेशनानंतर या फंडासाठी देशभर झोळी फिरली, त्या झोळीत ही एका रात्रीची कमाई पडली. पुढे तीनच महिन्यांत केशवराव वारले. ती जोडी कायमची तुटली.

पैशाच्या बाबतीत नारायणराव अगदी कच्चे. पडदे उंची, शालू खरे, अत्तर खरे, साथीला अहमदजान थिरकवांसारखा तबलजी. पन्नास-शंभर माणसांच्या पंक्ती कंपनीत उठत. जमा मोठी, खर्च त्याहून मोठा, आणि हिशेब पाहणारे दुसरेच. कर्ज लाखांत गेले. त्यांनी हात वर केले नाहीत. कर्ज अंगावर घेतले आणि वर्षानुवर्षे गाऊन फेडीत राहिले. सावकाराच्या वहीत अडकलेल्या आपल्या शेतकऱ्याला ही गत ओळखीची वाटेल. फरक इतकाच, की यांनी पीक चांगले येत असताना कर्ज केले! त्यांचे भक्त याला दिलदारपणा म्हणतात. मला तो गैरहिशेबीपणा वाटतो. पोरांनी गुण गळ्याचा घ्यावा.

मग १९३१ साली बोलपट आला आणि चित्र पालटले. चार आण्यांत खेळ, तोही दोन-तीन तासांत आटोपणारा. पुढल्या वर्षी ‘अयोध्येचा राजा’मध्ये दुर्गा खोटे तारामती झाल्या. १९३३ साली ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकात बायकांची कामे बायकांनीच केली. एकदा लोकांनी खरी बाई रंगमंचावर पाहिली, की शालूतला प्रौढ पुरुष कसा पटणार? स्वतः नारायणराव १९३५ साली प्रभातच्या ‘धर्मात्मा’मध्ये संत एकनाथ झाले. पण यंत्रापुढचे तुकड्या-तुकड्यांचे काम त्यांना मानवले नाही. पद रंगले की ‘वन्समोअर’ म्हणणारा माणूस तिथे समोर नव्हता ना! ते पुन्हा नाटकाकडे वळले. पुढे गोहरबाई कर्नाटकी कंपनीत आल्या, त्यांनी स्त्रीभूमिका केल्या आणि नारायणरावांच्या पडत्या काळात त्या शेवटपर्यंत सोबत राहिल्या. लोकांनी त्यांना नावे ठेवली. माझ्या मते ती ठेवायला नको होती.

उतारवयात पायांनी साथ सोडली, तरी भजने म्हणत. १९५५ साली संगीत नाटक अकादमीचा सन्मान मिळाला, १९६४ साली पद्मभूषण. त्याच वर्षी गोहरबाई गेल्या. १५ जुलै १९६७ रोजी पुण्यात नारायणरावांनी डोळे मिटले. पुढल्या वर्षी त्यांच्या जन्मतिथीला पुण्याचे बालगंधर्व रंगमंदिर उघडले.

त्यांच्या ध्वनिमुद्रिका आहेत, अधूनमधून आकाशवाणीवर लागतात, आता मोबाइलवरही मिळतात. गुरुजी, त्या मुलांना ऐकवा, पण आधी एक सांगून ठेवा. जुन्या तबकडीत एका बाजूला जेमतेम तीन मिनिटे मावत. नाटकात तेच पद श्रोत्यांनी पुन्हा पुन्हा मागितले की फुलत जाई, आणि नाटक पहाटेपर्यंत चाले. तेव्हा पहिल्यांदा फक्त शब्द ऐकायला सांगा. एकेक अक्षर कसे स्वच्छ येते ते पाहा. दुसऱ्यांदा मागची सारंगी. तिसऱ्यांदा काही सांगू नका, नुसती तबकडी लावा.