वैमानिकाची लेखणी



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आपण येथे जमलो आहोत, त्यांच्या व्याख्यानमालेसाठी मी निवडलेला विषय काहींना अनपेक्षित वाटेल. परंतु दाबोळीहून उडणाऱ्या नौदलाच्या विमानांचा आवाज आपल्या वर्गांना परका नाही. विमान दिसेनासे होते आणि फळ्यावरचा धडा पुढे चालू होतो. त्या विमानातील माणसाचा अनुभव साहित्य केव्हा होतो, हा आजचा प्रश्न आहे. त्यासाठी अमेरिकन कादंबरीकार स्टीफन कून्ट्स यांची वाटचाल आपण पाहू.

कून्ट्स यांचा जन्म १९४६ चा. वेस्ट व्हर्जिनियातील बकहॅनन या कोळसा-परिसरातील गावी ते वाढले. १९६८ मध्ये पदवी घेऊन ते नौदलात गेले आणि व्हिएतनाम युद्धाच्या अखेरच्या वर्षांत ‘एंटरप्राइज’ या विमानवाहू नौकेवरून ए-६ इंट्रूडर विमाने त्यांनी चालवली. हे विमान रात्री आणि खराब हवामानात, जमिनीलगत उडून बॉम्ब टाकण्यासाठी बनवलेले. त्यात वैमानिक आणि रडार पाहणारा त्याचा सहकारी खांद्याला खांदा लावून बसत. १९७७ मध्ये नौदलातून बाहेर पडल्यावर कून्ट्स यांनी टॅक्सी चालवली, पोलिसात नोकरी केली, कायद्याची पदवी मिळवली आणि ते तेल व वायू व्यवसायातील वकील झाले. दिवसा वकिली आणि उरलेल्या वेळात लेखन, असा क्रम सुरू झाला.

त्यांची पहिली कादंबरी ‘फ्लाइट ऑफ द इंट्रूडर’ अनेक प्रकाशकांनी नाकारली. अखेर १९८६ मध्ये ती नेव्हल इन्स्टिट्यूट प्रेसने काढली. याच संस्थेने १९८४ मध्ये टॉम क्लॅन्सी यांची ‘द हंट फॉर रेड ऑक्टोबर’ प्रसिद्ध केली होती. क्लॅन्सी विम्याचा व्यवसाय करीत. सैन्यात त्यांनी कधी नोकरी केली नव्हती, तरी पाणबुडीचे अंतरंग त्यांनी अभ्यासाने उभे केले. म्हणजे यंत्राची माहिती ग्रंथांतूनही मिळते. मग प्रत्यक्ष उडालेल्या माणसाने अधिक काय दिले?

एक उदाहरण घेऊ. विमानवाहू नौकेवर उतरताना विमानाच्या शेपटीखालचा आकडा डेकवर आडव्या ताणलेल्या तारेत अडकावा लागतो. चाके डेकला टेकताच वैमानिक इंजिनाची शक्ती कमी करीत नाही, उलट पूर्ण वाढवतो. आकडा चुकला तर त्याच क्षणी पुन्हा उडता आले पाहिजे, नाहीतर पुढे समुद्र आहे. हा नियम पुस्तकात सापडतो. रात्रीच्या मोहिमेतून दमून परतलेल्या माणसाचा हात तो नियम कसा पाळतो, हे मात्र कून्ट्स यांच्या पानांत जाणवते.

परंतु एवढ्याने कादंबरी होत नाही. कथेचा नायक जेक ग्राफ्टन एका रात्री क्षुल्लक लक्ष्यावर बॉम्ब टाकायला जातो. जमिनीवरून अंधारात झाडलेली बंदुकीची एक गोळी त्याच्या शेजारी बसलेल्या सहकाऱ्याचा प्राण घेते. मित्र कशासाठी गेला, हा प्रश्न ग्राफ्टनला सोडत नाही, आणि शेवटी तो आज्ञेविना हनोईवर विमान नेतो. शिस्त मोठी की विवेक, असा हा पेच आहे. ग्राफ्टनचे उत्तर मला पटत नाही. निरर्थक बॉम्बला उत्तर म्हणून तो अधिक मोठा बॉम्बच शोधतो. ज्यांच्यावर ते बॉम्ब पडले, ती व्हिएतनामी माणसे बहुतांशी अंधारातच राहतात. तरीही प्रश्न खरा आहे, म्हणूनच कादंबरी टिकली. १९९१ मध्ये तिच्यावर चित्रपटही निघाला.

पुढे कून्ट्स यांनी वकिली सोडून लेखनच केले. ‘फायनल फ्लाइट’ (१९८८), ‘द मिनोटॉर’ (१९८९), ‘अंडर सीज’ (१९९०) अशा कादंबऱ्या आल्या. ग्राफ्टनची पदे वाढत गेली, कटकारस्थाने विस्तारली, राजधान्या संकटात सापडल्या. वाचकही भरपूर मिळाले. पण संकट जितके जागतिक झाले, तितका शेजारच्या आसनावरचा माणूस धूसर होत गेला, असे माझे मत आहे. १९९४ च्या ‘द इंट्रूडर्स’मध्ये ते व्हिएतनामनंतरच्या दिवसांकडे, त्याच विमानाकडे परतले, याला मी योगायोग मानत नाही.

मित्रहो, आपल्यापैकी कोणी जहाजांवर गेले, कोणी खाणींत, कोणी बँकेत, कोणी सैन्यात. अनुभवाची वाण कोणालाच नाही. निवृत्तीनंतर आठवणी लिहिण्याचा विचार अनेकांच्या मनात असेल. त्यांना माझी विनंती एवढीच, की काय काय केले याची यादी करून थांबू नका. ज्या कामात आयुष्य गेले, त्यातला कोणता प्रश्न आजही झोप मोडतो, तेथून आरंभ करा. उत्तर चुकले तरी चालेल. चुकलेल्या उत्तराला गुरुजी शिक्षा करीत नसत, कोरी पाटी मात्र त्यांना खपत नसे.