दहा टक्के

हातातलं काम चालू राहू दे, कान तेवढे इकडे द्या.

मागच्या महिन्यात आमच्या एका गटाच्या बैठकीत एका काकूंनी सगळ्यांदेखत मला विचारलं, "ताई, गिऱ्हाईक तुम्ही शोधता, बँकेत आमच्याबरोबर तुम्ही येता, भांडणं तुम्ही मिटवता. पण यात तुमचं काय?" त्यांच्या मनात वाकडं काही नव्हतं. तरी घरी पोचेपर्यंत तो प्रश्न डोक्यात घोळत राहिला. मध्ये उभं राहणाऱ्या माणसाकडे आपण जरा संशयानेच बघतो. अडत्या म्हटलं की त्याने किती कापले तेच आधी आठवतं. म्हणून आज अशाच एका मधल्या माणसाची गोष्ट सांगणार आहे. माणूस फ्रान्समधला आहे, आणि त्यांनी टीव्हीवर आणलेल्या मालिकेचं नावच मुळी 'दहा टक्के' आहे. फ्रेंचमध्ये 'दी पूर सां'.

त्यांचं नाव दोमिनिक बेनेआर. लिहिताना त्यात बरीच जास्तीची अक्षरं येतात, पण फ्रेंच लोक ती बोलताना गिळून टाकतात. जन्म १९५४ चा, पॅरिसजवळचा. वाढले मात्र नॉर्मंडीत, समुद्रकाठच्या ऊलगात नावाच्या छोट्या गावात. आईवडिलांचं किराणा दुकान होतं. सिनेमावाल्यांच्या घरात जन्मले नाहीत, कुणाची ओळखपाळख नाही. आता मी म्हणेन की दुकानात वाढलेल्या पोराला एक गोष्ट न शिकवता येते. दारात आलेलं माणूस काय मागतंय आणि त्याला खरं काय हवंय, हे ओळखता येतं. हा माझा अंदाज आहे, पण ज्यांचं दुकान आहे त्या मैत्रिणी मान डोलवतील.

पुढे ते पॅरिसला नाटकाच्या शाळेत गेले. तिथून सिनेमात आले ते कलाकार निवडायच्या कामाला. कुठल्या भूमिकेला कोणता चेहरा, हे शोधायचं काम. दिग्दर्शकाच्या डोक्यात एक मुलगी असते, ती खऱ्या जगात कुठे आहे ते या माणसाने शोधून आणायचं. मोरिस पियाला नावाचे मोठे आणि तापट दिग्दर्शक होते. त्यांच्या १९८३ च्या 'आ नो झामूर' या सिनेमासाठी मुलगी हवी होती. सापडली सांद्रीन बोनेर. वय पंधरा, कामगाराच्या घरातली, अकरा भावंडांत सातवी. अभिनय कधी शिकलेली नाही. त्या सिनेमात तिच्या मारकुट्या भावाचं काम खुद्द बेनेआर यांनी केलं. फ्रान्समध्ये सिनेमाचा सगळ्यात मानाचा पुरस्कार सेझार. १९८४ मध्ये नव्या अभिनेत्रीसाठीचा सेझार या मुलीला मिळाला. दोनच वर्षांनी, आन्येस वार्दा या बाई दिग्दर्शकाच्या सिनेमासाठी, सर्वोत्तम अभिनेत्रीचा सेझारही तिनेच घेतला. बेआत्रीस दाल ही दुसरी अभिनेत्री बेनेआर यांच्या नजरेला पडली ती एका मासिकाच्या मुखपृष्ठावर. तिचा पहिलाच सिनेमा 'बेटी ब्लू' या नावाने जगभर गाजला.

१९८६ मध्ये ते आर्टमीडिया या कंपनीत एजंट म्हणून गेले आणि २००६ पर्यंत, म्हणजे पुरी वीस वर्षं तिथे राहिले. एजंट काय करतो? कलाकाराला काम मिळवून देतो, पैसे ठरवतो, करार वाचतो. त्याबद्दल कमाईतला वाटा घेतो. फ्रान्सच्या कायद्यात त्या वाट्याला मर्यादा घातलेली आहे, साधारणपणे जास्तीत जास्त दहा टक्के. मालिकेचं नाव तिथून आलं. शंभरातले नव्वद तिचे, दहा याचे. पण त्या दहात काय काय बसतं ते कागदावर लिहिलेलं नसतं. रात्री उशिरा फोन उचलणं बसतं. दोन रुसलेल्यांना एका टेबलावर आणणं बसतं. आणि सगळ्यात जड काम, वाईट बातमी सांगणं, तेही त्यातच बसतं.

बावन्नाव्या वर्षी हे सगळं सोडून त्यांनी मिशेल फेलेर या सहकाऱ्याबरोबर स्वतःची निर्मिती कंपनी काढली. तिचं नाव मला फार आवडलं, 'मों व्वाझँ', म्हणजे 'माझा शेजारी'. याच सुमाराला एजंटांच्या ऑफिसवर मालिका करायची कल्पना निघाली. त्यांनी आयुष्यभर जे पाहिलं तेच, पण हसत हसत सांगायचं. एका मोठ्या खासगी वाहिनीसाठी त्यावर काम सुरू झालं, लिखाण झालं, आणि वाहिनीने अंग काढून घेतलं. आपल्याकडे प्रस्ताव पाठवून बसलेल्या बायकांना हे वेगळं सांगायला नको. होय नाही, नाही पण नाही, मग एके दिवशी कळतं की फाईल बंद झाली. शेवटी फ्रान्स २ या सरकारी वाहिनीने ती घेतली. पहिला भाग दाखवला गेला तो १४ ऑक्टोबर २०१५ ला. तोवर बेनेआर एकसष्ट वर्षांचे झाले होते.

मधल्या काळात एक फार महत्त्वाची गोष्ट घडली. लिखाणाची सूत्रं फॅनी एरेरो या लेखिकेकडे आली. कल्पना बेनेआर यांची, अनुभव त्यांचे, पण माणसं उभी केली ती एरेरो आणि त्यांच्याबरोबरच्या लेखकांनी. दिग्दर्शनाला सेद्रिक क्लापिश यांच्यासारखा नावाजलेला माणूस आला. मला वाटतं निर्मात्याचं खरं काम इथे दिसतं. वीस वर्षांचं गाठोडं दुसऱ्याच्या हातात द्यायचं आणि ती ते उलगडून बघत असताना सारखं मध्ये बोलायचं नाही. मला हे जमत नाही, मी कबूल करते. गटाचा ठराव सचिवाने लिहायचा असतो आणि मी मागे उभी राहून शब्द सांगत असते.

गोष्ट अशी आहे. पॅरिसमधल्या एका एजन्सीचा मालक सुट्टीवर गेलेला असताना गांधीलमाशी गिळून मरतो. (हसू नका, खरंच तसं दाखवलंय.) मागे राहतात चार एजंट, त्यांचे मदतनीस आणि डबघाईला आलेला धंदा. त्यातली आंद्रेआ सगळ्यात तिखट, कुणाला न भिणारी. ते काम कामीय कोतँ या अभिनेत्रीने केलंय. आणि आर्लेत म्हणून एक म्हातारी एजंट आहे, कुत्र्याला घेऊन ऑफिसात येते. ते काम करणाऱ्या लिलियान रोवेर तेव्हा ब्याऐंशी वर्षांच्या होत्या. आपल्या मालिकांत ब्याऐंशीची बाई बहुतेक पलंगावर खोकत असते. इथे ती धंद्याची सगळी गुपितं जाणते आणि बैठकीत तिचा शब्द चालतो.

प्रत्येक भागात एखादा खरा नट किंवा नटी स्वतःच्याच नावाने येते. इथेच गाडी अडली होती. स्वतःच्या नावाने पडद्यावर यायचं आणि त्यात हट्टी किंवा घाबरट दिसायचं, याला सुरुवातीला बऱ्याच मोठ्या कलाकारांनी नकार दिला. ज्यांनी हो म्हटलं त्यांच्यात नाताली बाय होत्या. त्या बेनेआर यांच्या एजंटपणाच्या काळापासूनच्या. त्या आपल्या खऱ्या मुलीला, लोरा स्मेतला, घेऊन आल्या. मालिका चालल्यावर वारं फिरलं. पुढे ज्युलिएत बिनोश आल्या, इझाबेल युपेर आल्या, चौथ्या पर्वात तर अमेरिकेच्या सिगर्नी वीव्हर आल्या.

मला सगळ्यात लागला तो पहिलाच भाग. सेसील द फ्रान्स या अभिनेत्रीला अमेरिकेचा मोठा सिनेमा मिळणार असतो. मग तिकडून कळतं, वय जास्त वाटतंय. हे तिला सांगायचं कुणी? तिचा एजंट मनाने चांगला आहे. तिला दुखवायचं नाही म्हणून तो आज सांगतो, उद्या सांगतो करत राहतो. आणि त्याच्या चांगुलपणानेच सगळं बिघडतं.

हे बघताना मी मोबाईल बाजूला ठेवला. दोन वर्षांपूर्वी तालुक्याच्या एका दुकानदाराने आमच्या गटाच्या शेंगदाणा चटणीची ऑर्डर रद्द केली होती. फोन मला आला. सणाचे दिवस होते, बायका खुशीत होत्या. म्हटलं दुसरं गिऱ्हाईक शोधते, मग सांगते. आठ दिवस मी गप्प राहिले आणि आठ दिवस त्या उखळात शेंगदाणे कुटत राहिल्या. चाळीस किलो चटणी झाली. निम्मी आम्ही मिळेल त्या भावाला काढली, उरलेली खवट झाली. त्या बायकांपैकी एकही मला रागाने बोलली नाही. एकीने फक्त विचारलं, "तुम्हाला कधी कळलं होतं?" दिवस सांगताना माझी मान वर झाली नाही.

मैत्रिणींनो, 'यात तुमचं काय' याचं उत्तर मी काकूंना त्या दिवशी दिलं नाही, आता देते. मानधन किती मिळतं ते मी येत्या बैठकीत सगळ्यांसमोर सांगणार आहे, लपवण्यासारखं त्यात काही नाही. पण ते मानधन चांगल्या बातम्या आणून द्यायचं नाही. ऑर्डर मिळाली हे तर कुणीही पळत येऊन सांगेल. ऑर्डर गेली हे त्याच संध्याकाळी सांगायचं, आणि सांगून निघून न जाता तिथेच बसायचं, याचं ते आहे.

मालिकेची चार पर्वं झाली, एकूण चोवीस भाग, २०२० पर्यंत. नेटफ्लिक्समुळे ती जगभर पोचली. नोव्हेंबर २०२१ मध्ये तिला विनोदी मालिकेसाठी आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार मिळाला. त्याच विभागात आपल्या वीर दास यांचंही नामांकन होतं. तुर्कस्तानात, इंग्लंडात तिच्या नव्या आवृत्त्या निघाल्या. आपल्याकडेही २०२१ मध्येच मुंबईत घडणारी हिंदी आवृत्ती आली, शाद अली यांच्या दिग्दर्शनात, रजत कपूर, सोनी राझदान आणि आहाना कुमरा यांना घेऊन. मी आधी ती पाहिली, मग मूळ फ्रेंच. माझं बी.ए. मराठीचं, त्यामुळे खालच्या इंग्रजी ओळी थांबवून थांबवून वाचल्या. तरी मूळचीच जास्त आवडली. मुंबईवाल्यांनी आवाज फार चढवलाय.

बेनेआर यांचं आणखी एक काम राहिलं. फ्रान्सच्या नैर्ऋत्येला आंगुलेम गाव आहे. तिथे २००८ पासून फ्रेंच भाषेतल्या सिनेमांचा महोत्सव भरतो. तो सुरू करणाऱ्यांपैकी एक हे. बेल्जियम, कॅनडा, आफ्रिकेतले देश, जिथे जिथे फ्रेंच बोलतात तिथले सिनेमे तिथे येतात. म्हणजे इथेही पुन्हा तेच, माणसांची एकमेकांशी गाठ घालून द्यायची.

वेळ संपत आली. मालिका बघायची असेल त्यांनी शनिवारी सामाजिक सभागृहात या. पहिला भाग लावू, खालच्या ओळी मी मोठ्याने मराठीत सांगेन. कुठेकुठे मोकळे प्रसंग आहेत, पोरांना घरी ठेवा. आणि आमच्या गटाच्या बायकांनो, बैठक नेहमीप्रमाणे बुधवारी संध्याकाळी सहाला. येताना पासबुक आणा. मसाल्याच्या नव्या ऑर्डरचा निरोप आलेला आहे. तो चांगला नाही, तिथे सविस्तर सांगते, पण तोपर्यंत कुणी मिरच्या विकत घेऊ नका.