‘मोफत उपचार’ म्हणजे नक्की काय?

मागच्या महिन्यात आजीच्या ऑपरेशनआधी मी एका फॉर्मवर सही केली. न वाचता. “इथे करा,” म्हणाले, केली. त्यानंतर टस्कीगीबद्दल वाचलं आणि ती सही डोक्यातून जाईना.

गोष्ट अमेरिकेतली. अलाबामा राज्य, मेकन काउंटी, साल १९३२. सरकारच्या सार्वजनिक आरोग्य सेवेने तिथले ६०० कृष्णवर्णीय पुरुष निवडले. बरेचसे दुसऱ्याच्या जमिनीवर वाट्याने राबणारे. ३९९ जणांना सिफिलिस होता, २०१ जणांना नव्हता. ते तुलनेसाठी.

सांगितलं काय? “तुमचं रक्त खराब आहे, आम्ही मोफत उपचार करतो.” तपासणी फुकट, जेवण फुकट, मेल्यावर दफनाचा खर्चसुद्धा मिळेल, पण शवविच्छेदन करू द्यायचं. पाठीच्या मणक्यात सुई घालून पाणी काढायचे, आणि पत्रात त्यालाच ‘खास मोफत उपचार’ म्हणायचे. डॉक्टरांना बघायचं होतं ते एवढंच: उपचार केले नाहीत तर हा आजार माणसाचं काय करतो.

एक गैरसमज काढून टाकूया. या लोकांना रोग टोचला नव्हता. रोग आधीच होता. औषध दिलं नाही. १९४७च्या सुमारास पेनिसिलिन हा नेहमीचा उपचार झाला होता, तरीही नाही. माणसं मेली, बायकांना लागण झाली, काही मुलं आजार घेऊनच जन्मली. चाळीस वर्षं! आणि हे काही तळघरात दडवलेलं नव्हतं बरं का. वैद्यकीय मासिकांत त्यावर लेख छापून येत होते. अंधारात होते ते फक्त पेशंट.

त्याच खात्यातल्या पीटर बक्स्टनने १९६६मध्ये लेखी आक्षेप घेतला. कुणी दाद दिली नाही. शेवटी त्याने कागद पत्रकारांपर्यंत पोचवले, जुलै १९७२मध्ये जीन हेलरची बातमी आली आणि प्रयोग बंद पडला. १९७४मध्ये संशोधनात माणसांचं संरक्षण करणारा कायदा आला. राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांनी माफी मागितली १९९७मध्ये. तेव्हा त्यातले फक्त आठ जण हयात होते.

म्हणून सांगतो, डॉक्टरांवर संशय घेऊ नका, उपचारही टाळू नका. पण सहीआधी दोन प्रश्न विचारा: “हे कशासाठी? दुसरा पर्याय आहे का?” आजीच्या पुढच्या तपासणीला मी विचारले. डॉक्टरांनी खुर्ची ओढून दहा मिनिटं नीट समजावलं. आजी म्हणाली, “हे आधी का नाही विचारलंस रे?”

भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या.