पाण्याखालचे खळे

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

पावसाळ्यात पुण्याहून पौडमार्गे ताम्हिणीकडे निघालात की डाव्या-उजव्या हाताला डोंगर, धुके आणि मुळशीचे पसरलेले पाणी दिसते. लोक गाड्या थांबवतात, भाजलेले कणीस खातात, फोटो काढतात. त्यात वावगे काही नाही. मीही अठराव्या-एकोणिसाव्या वर्षी या पाण्यावर कविता लिहिली होती. निळाई, आरसा, उतरलेले आभाळ, सगळे काही तिच्यात होते. कॉलेजात टाळ्या पडल्या. घरी येऊन दादीला वाचून दाखवली. तिने शांतपणे ऐकली आणि विचारले, "यात आपलं खळं कुठं आहे रे?"

आमचे घराणे मुलाण्याचे. जत्रेला, लग्नकार्याला बकरे हलाल करून द्यायचे आणि सुगीला खळ्यावर जाऊन बलुत्याचे धान्य आणायचे, हा पिढ्यांचा व्यवहार. दादी लहान असताना गाव पाण्यात गेले आणि खळेही गेले. जमीन आमच्या नावावर नव्हतीच. तेव्हाचा कायदा मोबदला देई तो जमिनीत हक्क असणाऱ्याला. सुपात पडणाऱ्या आंबेमोहोराची नोंद कोण करणार?

त्या प्रश्नाचे उत्तर माझ्याकडे नव्हते. पुढे बऱ्याच वर्षांनी ते शोधण्याची वाट दाखवली प्रा. राजेंद्र व्होरा यांच्या 'मुळशी सत्याग्रह' या पुस्तकाने.

व्होरा हे नाव मला बी.ए.पासून माहीत होते. सुहास पळशीकरांबरोबर त्यांनी संपादित केलेला 'राज्यशास्त्र कोश' आम्ही परीक्षेसाठी चाळत असू. व्होरा पुणे विद्यापीठात राज्यशास्त्र शिकवत. निवडणुका, पक्ष, महाराष्ट्रातील सत्तेची उलथापालथ हे त्यांचे अभ्यासाचे क्षेत्र. 1995 च्या सत्ताबदलानंतर त्यांनी पळशीकरांसह 'महाराष्ट्रातील सत्तांतर' लिहिले. पण त्याआधी, 1994 मध्ये, हा राज्यशास्त्राचा प्राध्यापक सत्तर वर्षे मागे जाऊन मावळातल्या बुडालेल्या गावांची कहाणी लिहून बसला होता. नर्मदेच्या धरणावरून तेव्हा देशभर वाद पेटलेला होता. व्होरांनी दाखवून दिले की हे भांडण नवे नाही. आपल्याच मुळशीत ते पूर्वी होऊन गेले आहे.

मुळशी हा तसा सीमेवरचा मुलूख. इकडे देश, कड्याखाली कोकण. मुळा आणि निळा या नद्या पूर्वेकडे वाहणाऱ्या. टाटांच्या वीज कंपनीने त्यांचे पाणी अडवून पश्चिमेला वळवायचे आणि कड्याखाली भिऱ्याला सोडून वीज करायची असे ठरवले. ती वीज मुंबईसाठी. त्यासाठी पन्नासच्या आसपास गावे आणि सुमारे अकरा हजार माणसे उठणार होती. 16 एप्रिल 1921 ला, रामनवमीच्या दिवशी, मावळे धरणाच्या जागी जमले आणि त्यांनी काम बंद पाडले. 'जान किंवा जमीन' ही त्यांची घोषणा. गांधीजींनीही लिहिले की टाटांच्या घराण्याने कायदेशीर हक्कावर अडून न बसता लोकांशी बोलावे. काम काही काळ थांबले, पुन्हा सुरू झाले. मग अटका आणि तुरुंग. शेवटी 1924 मध्ये सेनापती बापटांनी हाती शस्त्र घेऊन रेल्वे अडवली आणि सात वर्षांची शिक्षा ओढवून घेतली. लढा संपला. धरण झाले.

एवढी गोष्ट आम्ही लहानपणी ऐकलेली होती. तिच्यात एक सेनापती होता आणि एक कंपनी. व्होरांनी तेवढ्यावर भागवले नाही. मावळ्यांत कोण कोण होते, असे त्यांनी विचारले. जमीन कसणारा कुणबी वेगळा, जमीन गहाण ठेवून घेतलेला सावकार वेगळा. पुण्याहून येणारे टिळकांचे अनुयायी पुढारी त्याहून वेगळे. सावकाराला जमिनीपेक्षा मोबदल्याचा आकडा महत्त्वाचा होता. आणि समोरची कंपनी परकी नव्हती, स्वदेशी होती. देशी कारखानदारीचा अभिमान बाळगणाऱ्याने तिच्याविरुद्ध किती ताणायचे? हा पेच त्यांनी झाकून ठेवला नाही. लढा का हरला हे त्यांनी हरलेल्यांच्या बाजूला उभे राहून, पण त्यांची भलावण न करता सांगितले.

मला हे फार मोलाचे वाटते. आपल्याला पोवाडा लवकर सुचतो. कवी तर त्यात पुढेच. पण पोवाड्यात सगळे मावळे सारखेच शूर असतात, आणि मग कुणाचे काय गेले ते कळत नाही. हिशेब मांडला की कळते.

या पुस्तकावर व्होरा पुढेही काम करत राहिले. त्याचा इंग्रजी ग्रंथ 2009 मध्ये, त्यांच्या निधनानंतर, बाहेर आला. जगातली पहिली धरणविरोधी चळवळ, असे त्याचे शीर्षकच सांगते. आमच्या मावळाची कहाणी अशी जगभरच्या अभ्यासकांपुढे गेली. ते पाहायला लेखक नव्हते, याची हळहळ वाटते.

पुस्तक हाती आले तेव्हा दादीही राहिली नव्हती. नाहीतर तिला वाचून दाखवले असते. तिच्या खळ्याचा ठावठिकाणा मला अजून लागलेला नाही. पण आता मी म्हाताऱ्या माणसांना विचारतो, की शेत कुणाचे होते, राबत कोण होते, सुगीला कुणाच्या सुपात काय पडायचे. जे सांगतात ते वहीत लिहून ठेवतो. आमच्या पिढीनंतर तेही सांगायला कुणी उरणार नाही.

ती कविता मात्र मी कोणत्याच संग्रहात घेतली नाही.