वडिलांनी आईला पोस्टकार्ड लिहिलं : आसिया जेबारच्या लेखनाविषयी

(मासिक वाचन-बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर. बोलण्याच्या ओघातली पुनरुक्ती थोडी काढली आहे, बाकी जवळपास तसाच ठेवला आहे.)

नमस्कार मंडळी,

सुरुवातीलाच एक कबुली देऊन टाकते. मला फ्रेंच येत नाही, अरबी तर नाहीच नाही. मी संगणक क्षेत्रात नोकरी करणारी बाई, साहित्याची प्राध्यापक नव्हे. आज जिच्याबद्दल बोलणार आहे त्या आसिया जेबारची पुस्तकं मी इंग्रजी अनुवादातूनच वाचली आहेत. म्हणजे अल्जीरियातल्या बायका अरबी आणि बर्बर भाषांत बोलल्या, जेबारने ते फ्रेंचमध्ये लिहिलं, कुणीतरी इंग्रजीत आणलं आणि आता मी ते तुम्हाला मराठीत सांगणार. चौथ्या हाताने आलेला माल आहे, तेवढं लक्षात ठेवून ऐका.

आणखी एक गोष्ट मला स्वतःलाच बोचते. ही बाई २००१ पासून न्यूयॉर्क विद्यापीठात फ्रेंच साहित्य शिकवत होती. त्याच काळात मी रोज सकाळी पाथ ट्रेनने हडसन ओलांडून मॅनहॅटनला कामावर जात होते. नदीपलीकडे एवढी मोठी लेखिका आहे याचा मला पत्ताच नव्हता. ६ फेब्रुवारी २०१५ ला पॅरिसमध्ये तिचं निधन झालं, त्यानंतर मृत्युलेखात मी तिचं नाव पहिल्यांदा वाचलं.

तिच्या एका प्रसंगापासून सुरुवात करते, कारण माझी तिच्याशी ओळख तिथूनच झाली. 'लामूर, ला फांताझिया' या १९८५ च्या पुस्तकात तो येतो. अर्धं आत्मचरित्र, अर्धा इतिहास असं हे पुस्तक आहे. फांताझिया म्हणजे घोडेस्वारांनी बंदुकीचे बार उडवत भरधाव येण्याचा तिकडचा खेळ. जेबारचे वडील मितिजाच्या मैदानातल्या एका गावात फ्रेंच शाळेत मास्तर होते. ते एकदा लांबच्या प्रवासाला गेले आणि तिथून त्यांनी घरी एक पोस्टकार्ड पाठवलं. मजकूर अगदी साधा, खुशालीचा. पण पत्त्यात त्यांनी बायकोचं नाव लिहिलं! नातेवाईक बायकांत केवढी खळबळ उडाली. त्याने चक्क बायकोला लिहिलं? तिचं नाव पोस्टमनने वाचलं? मुलाच्या नावाने पाठवता आलं नसतं का, मुलगा लहान का असेना, असा त्यांचा सवाल. कारण तिथला कुठलाही पुरुष, गरीब असो की श्रीमंत, बायकोचा उल्लेख करायचा तो 'घर' या शब्दाने. आणि बायका नवऱ्याला म्हणायच्या नुसतं 'तो'.

हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि एकटीच हसले. आत्ताच मी तुम्हाला 'मंडळी' म्हटलं. आपले आजोबा-पणजोबा बायकोला काय म्हणायचे? 'आमची मंडळी', 'आमचं कुटुंब'! माझ्या आजीने आजोबांचं नाव उखाण्याखेरीज कधी घेतलेलं मी ऐकलं नाही. रमाबाई रानड्यांनी १९१० मध्ये आपल्या आठवणी प्रसिद्ध केल्या. त्यात न्यायमूर्तींचा उल्लेख 'स्वतः' असा येतो. अल्जीरियातला 'तो' आणि पुण्यातला 'स्वतः', दोघे अगदी सख्खे भाऊ शोभतील. आणि रमाबाईंनाही इंग्रजी शिकवलं नवऱ्यानेच, घरातल्या बायकांचा विरोध सोसून.

जेबारच्या आईचं पुढे काय झालं तेही ऐकण्यासारखं आहे. ती शेजारच्या फ्रेंच बायकांशी बोलता यावं म्हणून हळूहळू फ्रेंच शिकली. फ्रेंचमध्ये बोलताना ती आधी 'माझे पती' म्हणायला लागली आणि मग एक दिवस सरळ नावाने, ताहर. जे नाव अरबीत ओठांवर येत नव्हतं ते परक्या भाषेत आलं. लहान जेबारला त्या दिवशी जाणवलं की आपले आईवडील हे एक जोडपं आहे. या प्रकरणात मला परक्या भाषेने घरात काय केलं ते दिसलं. कुठल्याही सिद्धान्ताच्या पुस्तकाने मला ते इतकं स्पष्ट दाखवलं नव्हतं.

पण हे एवढ्यावर संपत नाही. तसं असतं तर 'गोऱ्यांनी आमच्या बायकांना मुक्त केलं' ही जुनी टेप वाजवून मोकळं होता आलं असतं.

जेबारचं खरं नाव फातिमा-झोहरा इमालायेन. जन्म ३० जून १९३६, शेर्शेल गावचा. पुस्तकाच्या पहिल्याच पानावर एक लहान अरब मुलगी वडिलांचा हात धरून शाळेत निघाली आहे. शाळेमुळे ती पडद्यातून वाचली. बरोबरीच्या चुलत-मावस बहिणी वयात आल्यावर घरात बंद झाल्या आणि ही वसतिगृहात राहून शिकली. १९५५ मध्ये ती फ्रान्समधल्या सेव्ह्रच्या एकोल नॉर्माल या नामांकित संस्थेत दाखल झाली, तिथे प्रवेश मिळवणारी पहिली अल्जीरियन स्त्री. पुढच्याच वर्षी अल्जीरियन विद्यार्थ्यांच्या संपात ती सामील झाली, परीक्षा दिली नाही. पहिली कादंबरी १९५७ ची. वडिलांना कळू नये म्हणून टोपणनाव घेतलं, तेच कायम राहिलं.

आता त्याच वडिलांचा दुसरा प्रसंग. मुलगी सतरा वर्षांची असताना तिला एका अनोळखी मुलाचं फ्रेंचमध्ये पत्र आलं. पुरोगामी मास्तरांनी ते फाडून टोपलीत फेकलं. तिने तुकडे जुळवून वाचलं. भाषा दिली वडिलांनी, आणि त्या भाषेतून काय बोलायचं नाही हेही ठरवलं वडिलांनीच. पुढे ती म्हणते की फ्रेंचमध्ये मला प्रेमाचं बोलताच येत नाही, तिथे वाचा बसते. तिने फ्रेंचला सावत्र आई म्हटलं आहे.

आपण इथे जमलेले लोक दिवसभर इंग्रजीत भांडतो, वाटाघाटी करतो, मुलाखती देतो. मी माझ्या साहेबाशी पगारवाढीवरून वाद घातला तो मराठीत मला कधीच घालता आला नसता, मराठीत मी 'जाऊ दे' म्हणून गप्प बसले असते. उलट माझी मुलगी तापाने फणफणली असताना तोंडून इंग्रजीचा एक शब्दही फुटत नाही. हे मला माहीत होतं, पण ते लिहिण्याजोगं आहे असं कधी वाटलं नव्हतं. अर्थात इंग्रजी आपल्याला कशी मिळाली, कुणाला मिळाली आणि कुणाला नाही, तो हिशेब वेगळा आहे. जेबार स्वतःच्या बाबतीत तो चुकवत नाही. ज्या भाषेने मी पडद्याबाहेर आले ती भाषा माझ्या गावात कशी आली, हे ती शोधायला जाते.

ती आली १८३० मध्ये, आरमारातून. अल्जीयर्स जिंकलं गेलं त्याचं वर्णन कुणी लिहिलं? फ्रेंच अधिकाऱ्यांनी, सैनिकांनी, सोबत आलेल्या हौशी लेखकांनी. जेबार ते सगळे कागद इतिहासकाराच्या नजरेने वाचते (तिचं शिक्षण इतिहासाचंच). त्यातलं दाहराच्या गुहांचं प्रकरण वाचून मला दोन रात्री नीट झोप लागली नाही. जून १८४५. उलेद रिया जमातीचे लोक बायकामुलं, गुरंढोरं घेऊन डोंगरातल्या गुहांत लपले होते. कर्नल पेलिसिए याने गुहांच्या तोंडाशी जाळ पेटवला. आत शेकडो माणसं धुराने गुदमरून मेली. पेलिसिएने त्याचा तपशीलवार अहवाल धाडला, पॅरिसमध्ये गदारोळ झाला, आणि तो पुढे मार्शल झाला. दोनच महिन्यांनी सेंत-आर्नो या दुसऱ्या अधिकाऱ्याने असाच प्रकार केला, पण शहाणपणा शिकून. गुहेची तोंडं बुजवली आणि गवगवा होऊ दिला नाही, फक्त भावाला पत्रात कळवलं.

इथे जेबार एक विलक्षण गोष्ट करते. ती पेलिसिएचे जवळजवळ आभार मानते. उपरोधाने नव्हे. त्याने लिहिलं म्हणून त्या माणसांचं मरण निदान कागदावर उरलं. मारेकऱ्याची भाषा हाच मेलेल्यांचा एकमेव साक्षीदार असेल तर ती भाषा टाकून कसं चालेल? 'फ्रेंचमध्ये का लिहितेस' असं तिला आयुष्यभर विचारलं गेलं. मला वाटतं तिचं सगळ्यात प्रामाणिक उत्तर या प्रकरणात आहे.

दुसरा साक्षीदार मात्र कागदात नव्हता. १९६७ नंतर तिने दहाएक वर्षं कादंबरी प्रसिद्ध केली नाही. त्या काळात ती शेनुआ डोंगरातल्या, आईच्या माहेरच्या मुलखातल्या बायकांकडे गेली, त्यांच्या आठवणी ध्वनिमुद्रित केल्या आणि 'ला नुबा' हा चित्रपट केला. १९७९ मध्ये व्हेनिसला त्याला समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. या बायकांनी स्वातंत्र्ययुद्धात सैनिकांना भाकरी पुरवली, घरं जळताना पाहिली, तुरुंग भोगला. आणि १९६२ नंतर त्या पुन्हा चुलीपाशी. 'फांताझिया'च्या तिसऱ्या भागात त्यांचे आवाज येतात. तुटक वाक्यं, कुठेही रडारड नाही. तेरा वर्षांची मुलगी भावाचं प्रेत शोधत जाते ते पान जमल्यास एकट्याने वाचा, बैठकीत मोठ्याने वाचण्यासारखं नाही.

आपल्यासारख्या लोकांनी ही बाई वाचावी असं मला वाटतं ते मुख्यतः यासाठी, की ती कुठल्याच बाजूला सुखाने बसू देत नाही. मे १९५८ मध्ये फ्रेंच सैन्याच्या पुढाकाराने अल्जीयर्समध्ये स्त्रियांचे बुरखे जाहीरपणे उतरवण्याचा सोहळा झाला. एकीकडे युद्धात छळछावण्या चालू आणि दुसरीकडे हा स्त्रीमुक्तीचा तमाशा. आणि स्वतंत्र अल्जीरियाने १९८४ मध्ये जो कुटुंबकायदा केला त्यात बायकोने नवऱ्याची आज्ञा पाळावी असं कलम होतं. २००५ मध्ये दुरुस्ती होऊन ते गेलं. परक्यांनी केलेल्या जखमेचा दाखला देऊन घरातला अन्याय झाकायचा नाही, आणि घरातल्या अन्यायाचा दाखला देऊन परक्यांना माफी द्यायची नाही. आपल्या चर्चांत बहुतेकदा यातलं एकच वाक्य म्हटलं जातं. कुठलं, ते समोर कोण बसलंय त्यावर ठरतं. मीही तेच करते. ऑफिसात कुणी भारतातल्या बायकांविषयी कळवळून बोललं की मी लगेच वकील होते, आणि पुण्याला गेले की आत्यासमोर फिर्यादी.

नव्वदच्या दशकात अल्जीरियात लेखक, पत्रकार, डॉक्टर यांना वेचून मारलं गेलं. लेखक ताहर जाऊत १९९३ मध्ये, नाटककार अब्देलकादर अलुला १९९४ मध्ये. अलुला तिचा दीर. या मेलेल्या मित्रांवर तिने १९९५ मध्ये 'ल ब्लां द लाल्जेरी' लिहिलं. ब्लां म्हणजे पांढरा, कफनाचा आणि कोऱ्या कागदाचाही. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यातून फोन आला होता त्याची आठवण इथल्या अनेकांना असेल. मी हे पुस्तक त्या आठवणीसकट वाचलं.

२००५ च्या जूनमध्ये फ्रेंच अकादमीवर तिची निवड झाली, मगरेबमधली पहिली लेखिका. त्याच वर्षी फेब्रुवारीत फ्रान्सने कायदा केला होता की शाळांतून वसाहतवादाची 'सकारात्मक भूमिका' शिकवावी. ते कलम पुढच्या वर्षी रद्द झालं. आणि २००६ च्या जूनमध्ये अकादमीत प्रवेशाचं भाषण करताना जेबारने वसाहतवाद ही केवढी मोठी जखम होती हे त्याच सभागृहात, त्यांच्याच भाषेत सांगितलं.

पुस्तकाच्या शेवटी चित्रकार-लेखक फ्रोमांतां येतो. १८५३ मध्ये, लढाईनंतर काही महिन्यांनी, लाघुआत गावाबाहेर त्याला धुळीत कुणा अनोळखी अल्जीरियन बाईचा तुटलेला हात सापडला. त्याने तो उचलला आणि टाकून दिला. जेबार तो हात पुन्हा उचलून घेते आणि त्याच्या बोटांत लेखणी द्यायचा प्रयत्न करते.

माझ्याकडे डोरोथी ब्लेअरच्या अनुवादाच्या दोन प्रती आहेत, चहाच्या टेबलावर ठेवल्यात. ज्यांना हव्या त्यांनी न्या, फक्त वहीत नाव लिहा. सुरुवातीची लढाईची प्रकरणं जड वाटली तर पोस्टकार्डाच्या प्रकरणापासून सुरू करा, मीही दुसऱ्यांदा तसंच केलं.