पदांच्या मधला नट : गणपतराव बोडस

दिल्लीच्या संगीत नाटक अकादमीने १९५५ साली अभिनयासाठी बालगंधर्वांना गौरवलं. पुढच्याच वर्षी, १९५६ मध्ये, तो मान गणपतराव बोडसांना मिळाला. बालगंधर्वांचं नाव आजही घराघरात आहे. बोडसांचं मात्र नाटकवेड्या मंडळींनाच आठवतं, आणि ही उपेक्षा मनाला लागते.

अण्णासाहेब किर्लोस्करांचं 'शाकुंतल' पुण्यात १८८० साली रंगमंचावर आलं. बोडसांचा जन्मही त्याच सालचा. किर्लोस्कर मंडळीत ते घडले, गोविंद बल्लाळ देवलांच्या तालमीत त्यांचा अभिनय मुरला. त्या काळी संगीत नाटकाचे प्रेक्षक तिकीट काढत ते पदं ऐकायला. 'वन्समोअर'वर रात्र सरायची. अशा नाटकात बोडसांनी गाण्यावर नव्हे, बोलण्यावर नाव मिळवलं.

१९११ च्या 'मानापमान'मध्ये नायिका भामिनी बालगंधर्वांची, नायक धैर्यधर नानासाहेब जोगळेकरांचा आणि श्रीमंत, भित्रा लक्ष्मीधर बोडसांचा. १९१३ साली बालगंधर्व, गोविंदराव टेंबे आणि बोडस या तिघांनी गंधर्व नाटक मंडळी काढली.

त्यांची खरी कमाल 'संशयकल्लोळ'मध्ये, १९१६ साली. लंडनच्या रंगभूमीवरच्या आर्थर मर्फीच्या १७६१ मधल्या प्रहसनावरून देवलांनी हे नाटक बेतलं. मर्फीच्या मागे फ्रान्सचा मोलियर उभा. भर रस्त्यात घेरी आलेल्या रेवती या तरुणीला फाल्गुनराव सावरतो, ते त्याची बायको कृत्तिका पाहते. रेवतीच्या हातून पडलेली तिच्या प्रियकराची तसबीर कृत्तिका उचलते, ती फाल्गुनराव पाहतो. झालं, दोघांच्याही डोक्यात संशयाचं भूत! इथे नट विनोद करायला गेला की नाटक पडलंच. फाल्गुनरावाला स्वतःचं दुःख अगदी खरं वाटलं पाहिजे, तरच प्रेक्षक हसतो. बोडसांचा फाल्गुनराव गाजला.

त्याआधी काही दशकं लंडनच्या संगीत रंगभूमीवरही बोलण्यावर नाव मिळवणाऱ्या नटांची परंपरा होती. गिल्बर्ट आणि सलिव्हन यांच्या संगीतिकांतला जॉर्ज ग्रॉस्मिथ, १८८५ च्या 'मिकाडो'तला को-को, आवाजाच्या ताकदीपेक्षा स्वच्छ शब्दफेकीने आणि चपळ विनोदाने लोकांना जिंकत असे. बोडस मात्र विनोदापाशी थांबले नाहीत.

नाटककार राम गणेश गडकरी २३ जानेवारी १९१९ रोजी गेले. महिना उलटायच्या आत बडोद्याला त्यांच्या 'एकच प्याला'चा पहिला प्रयोग झाला. सिंधू बालगंधर्वांची, तिचा नवरा सुधाकर बोडसांचा. बुद्धिमान वकील दारूपायी पायरी पायरीने उतरत जातो, हे सारं गद्यात, बोलण्यातून आणि देहबोलीतून उभं करायचं. सिंधूची पदं काळजाला भिडतात, कारण समोर सुधाकर खरा असतो. लोकांना हसवणारा फाल्गुनराव आणि हा सुधाकर एकाच नटाने साकारावेत, हे मराठी रंगभूमीचं मोठं भाग्य.

१९६५ साली बोडस गेले. 'माझी भूमिका' हे त्यांचं आत्मचरित्र १९४० चं. दिल्लीत 'संशयकल्लोळ'चा प्रयोग लागला तर जरूर जा, आणि त्याआधी हे पुस्तक मिळवून वाचा.