झाकणाच्या बिळातली ४३ वर्षं

घरातली कोळिष्टकं आपण केरसुणीने झटकतो. आज मात्र जमिनीत राहणाऱ्या कोळ्याची गोष्ट ऐकू या.

हा कोळी बीळ खणतो, आतून रेशमाचं अस्तर लावतो आणि तोंडावर झाकण बसवतो. झाकण एका बाजूने बिजागरीसारखं जोडलेलं असतं. म्हणून त्याला ट्रॅपडोअर कोळी म्हणतात.

पश्चिम ऑस्ट्रेलियात गव्हाच्या शेतीचा मोठा पट्टा आहे. शेतीसाठी तिथलं बरंचसं रान तोडलं गेलं, मधे मधे तुकडे उरले. अशाच एका राखीव तुकड्यात बार्बरा यॉर्क मेन या शास्त्रज्ञ बाईंनी १९७४ साली या कोळ्यांच्या बिळांपाशी नंबरच्या खुणा रोवायला सुरुवात केली. बाई शेतकऱ्याची लेक. वर्षानुवर्षं त्या तिथे जात राहिल्या, नोंदी ठेवत राहिल्या.

१६ नंबरच्या बिळात एक मादी होती. ही जात बिळाच्या तोंडाभोवती काटक्या मांडते. किड्याचा पाय काटकीला लागला, की आत थरथर कळते आणि शिकार घरपोच! नर वयात आला की जोडीदारीण शोधायला बाहेर पडतो. मादी आयुष्यभर त्याच बिळात राहते. २०१६ साली १६ नंबरच्या झाकणाला भोक दिसलं. गांधीलमाशीने तिचा बळी घेतला होता. तेव्हा ती ४३ वर्षांची होती. एवढं जगलेल्या दुसऱ्या कोळ्याची तोवर नोंद नव्हती.

नांगर फिरला असता, तर तिचं एका दिवसात संपलं असतं. अशा मादीला उतारवयात नवं बीळ करणं जमत नाही. पिल्लंही फार लांब जात नाहीत. त्यामुळे एकदा उजाड झालेल्या तुकड्यात हे कोळी सहजी परतत नाहीत.

आपल्या सह्याद्रीतही झाकणाच्या बिळाचे कोळी आहेत. झाडाखालच्या मातीत, ओढ्याच्या दरडीत, रस्त्याकडेच्या उतारावर त्यांची बिळं असतात. झाकण मातीच्याच रंगाचं, म्हणून आपल्याला दिसत नाही.

राबासाठी पाला आपल्याला लागतोच. पण देवराईतला, ओढ्याकाठचा पाला तिथेच राहू द्यावा. वणवा लागू नये म्हणून जाळरेषा वेळेवर काढावी. दरडीला जेसीबी लावायचा विषय ग्रामसभेत निघाला, तर गटाच्या बायांनी विचारावं: एवढी खोदाई खरंच हवी का? त्या मातीत कुणाचा तरी जुना संसार असेल.